हैतीची क्रांती वाचताना १७९३ पाशी गोंधळ होतो

प्रश्न
सी. एल. आर. जेम्स यांचं 'द ब्लॅक जॅकोबिन्स' वाचायला घेतलंय. बंडखोर गुलामांचा सेनानी तूसां लुव्हेर्त्यूर आधी स्पेनकडून लढतो आणि वर्षभरात फ्रेंचांना मिळतो, ते का? आणि हैतीनंतर कोणतं बेट घ्यावं?

प्रतिसाद १
आधी एक खुलासा. जेम्स 'सान डोमिंगो' म्हणतात ती बेटाच्या पश्चिमेची फ्रेंच वसाहत, म्हणजे पुढची हैती. पूर्वेचा भाग स्पेनचा. नकाशा उघडा ठेवूनच वाचा.

वहीचं पान उभं दुभागा: डावीकडे पॅरिस, उजवीकडे बेट. ऑगस्ट १७९१ मध्ये उत्तरेच्या ऊसमळ्यांत उठाव पेटला तेव्हा फ्रान्समध्ये राजा होता. जानेवारी १७९३ मध्ये त्याचा शिरच्छेद झाला, मग स्पेन आणि ब्रिटनशी युद्ध. स्पेनने बंडखोरांना शस्त्रं, हुद्दे आणि मुक्ती देऊ केली. २९ ऑगस्ट १७९३ ला फ्रेंच कमिशनर सोंतोनाने उत्तरेत गुलामी रद्द केली. ४ फेब्रुवारी १७९४ ला पॅरिसने सर्व वसाहतींत. स्पेन-ब्रिटनच्या ताब्यातल्या मुलखात मात्र ती चालूच राहिली. १७९४ मध्ये तूसांने बाजू बदलली. पॅरिसचा ठराव त्याला तोवर कळला होता का, यावर अभ्यासकांत वाद आहे.

हा सामना नुसता काळे विरुद्ध गोरे असा वाचू नका, तिथेच सगळं बिघडतं. सुमारे ५ लाख गुलाम, ३० हजारांच्या आसपास गोरे आणि जवळपास तितकेच स्वतंत्र मिश्रवर्णीय व काळे. या तिसऱ्या गटातल्या अनेकांकडे स्वतःचे मळे आणि गुलाम होते.

प्रतिसाद २
तूसांपाशी थांबू नका. तो ७ एप्रिल १८०३ ला फ्रान्सच्या तुरुंगात वारला. ग्वादलूप या दुसऱ्या फ्रेंच बेटावर गुलामी परत आणल्याची बातमी १८०२ मध्ये आली आणि फ्रेंचांकडचे काळे सेनानी उलटले. कलाटणी तिथे आहे. १ जानेवारी १८०४ चं स्वातंत्र्य त्याच सेनानींपैकी देसालीनने जाहीर केलं. पुढे १८२५ मध्ये फ्रान्सने युद्धनौका पाठवून मळेवाल्यांच्या नुकसानीपोटी १५ कोटी फ्रँकची भरपाई लादली. हे प्रकरण वगळलं तर हैतीचं दारिद्र्य कळतच नाही.

प्रतिसाद ३
पुढे जमैका घ्या, ती ब्रिटिशांची वसाहत. १८३१ च्या नाताळात सॅम शार्प या गुलामाने मजुरीशिवाय ऊसतोडणी नाही असा संप ठरवला. तोडणीचा हंगाम तोंडावर होता, म्हणून मालक हादरले. गुलामी रद्द करणाऱ्या १८३३ च्या ब्रिटिश कायद्याने भरपाईचे २ कोटी पौंड मालकांना, गुलामांना छदामही नाही, वर १८३८ पर्यंत सक्तीची 'उमेदवारी', म्हणजे जुन्या मालकाकडेच बिनपगारी काम. स्वातंत्र्य थेट १९६२ मध्ये.

मग क्यूबा. तिथे गुलाममुक्तीचा आणि स्वातंत्र्याचा, दोन्ही लढे गुंतलेले आहेत: १० ऑक्टोबर १८६८ ला मळेवाला सेस्पेदेसने आपले गुलाम मुक्त करून स्पेनविरुद्ध उठाव केला, पण बेटावरची गुलामी संपायला १८८६ उजाडलं.