गेमच्या वायरलेस कंट्रोलरची बॅटरी कशी टिकवता? कोल्हापूरकरांनो, आपापले अनुभव लिहा

राजारामपुरीकर (धागा सुरू करतोय)

नमस्कार मंडळी. हल्ली ओळखीच्या पोरांकडनं एकच ऐकायला मिळतंय, कंट्रोलर तासभर बी चालंना झालाय, नवीनच घेतो आता. पाच-सहा हजारांची वस्तू आहे ती, आणि दहातल्या निम्म्या वेळा तरी कंट्रोलर ठणठणीत असतो, फक्त आतली बॅटरी थकलेली असते किंवा सेटिंग नीट नसतं. म्हणून म्हटलं एक धागा काढूया. कुठला कंट्रोलर, चार्ज कसा करता, काय बदललं आणि त्यानं काय फरक पडला, एवढं लिहा. ऐकीव नको, स्वतः वापरून बघितलेलं लिहा.

माझ्यापासून सुरुवात करतो. पीएस५ म्हणजे सोनीचं प्लेस्टेशन ५, आणि त्याचा डुअलसेन्स कंट्रोलर. आत १५६० एमएएचची बॅटरी आहे, आधीच्या पीएस४ च्या डुअलशॉक ४ मध्ये १००० ची होती, म्हणजे दीडपट झाली, पण ट्रिगरला, म्हणजे बोटाखालच्या मागच्या बटणांना जो जोर येतो ना, त्याच्यासाठी आत छोट्या मोटरी बसवल्यात आणि थरथर पण जुन्यापेक्षा लई बारीक आणि सतत चालू असते, त्यात सगळी वाढीव बॅटरी जाते. मी सेटिंग्जमध्ये जाऊन ॲक्सेसरीज, मग कंट्रोलर, तिथं थरथरीचा जोर आणि ट्रिगरचा जोर दोन्ही कमीवर ठेवले, दिव्यांचा उजेड पण मंद केला. गाडीच्या गेममध्ये फरक लगेच कळतो कारण तिथं ॲक्सिलरेटरचं बोट सारखं दाबलेलंच असतं. गोष्टीवाले गेम खेळताना मात्र मी ट्रिगरचा जोर परत वाढवतो, धनुष्य ताणल्याची मजा घालवून बॅटरी वाचवण्यात काय अर्थ नाही.

दुसरं, कंट्रोलर आपोआप बंद व्हायची वेळ. पॉवर सेव्हिंगमध्ये १०, ३० आणि ६० मिनिटं असे पर्याय असतात. आमच्यात जेवायला हाक आली की कंट्रोलर सोफ्यावर तसाच पडतो, म्हणून मी १० वर ठेवलंय. आता तुम्ही लिहा.

मंगळवारपेठ_फुटबॉल

नाद खुळा धागा भावा. आमच्यात शाहू स्टेडियमला मॅच बघून आलो की रात्री सगळी पोरं आमच्या माडीवर जमत्यात, मग ईए एफसी, फुटबॉलचा गेम. पीएस४ आहे, दोन डुअलशॉक ४, आणि एकावेळी सात-आठ जण नंबर लावून बसल्यात म्हटल्यावर कंट्रोलरला उसंतच नाही. पूर्वी ऐन पेनल्टीला मेसेज यायचा बॅटरी लो, मग कोण वायर आणतंय, वायर पोचंना झाल्या, टीव्हीच्या पुढं बसून मान वर करून खेळालंय.

आम्ही केलं काय, थरथर पूर्णच बंद केली. फुटबॉलला लागत नाही ओ ती. पुढची निळी पट्टी मंद केली, पूर्ण बंद होत नाही ती पीएस४ वर पण मंद होते. आणि मेन म्हणजे तीन मीटरची चांगली वायर घेतली, बॅटरी एका काडीवर आली की मॅच सुरू व्हायच्या आधीच वायर जोडायची असा नियमच केलाय. ज्याची टीम हरली त्यानं दोन्ही कंट्रोलर चार्जिंगला लावून मग घरला जायचं, हा दुसरा नियम. एवढ्यावर आमचं निवांत चाललंय.

एक विचारायचंय, रात्रभर लावून ठेवला तर बॅटरी फुगते म्हणत्यात ते खरं काय?

उद्यमनगर_दुरुस्ती

वरच्या प्रश्नाचं आधी सांगतो. फुल्ल झाली की कंट्रोलरमधली चार्जिंगची आयसी, म्हणजे चिप, स्वतः करंट तोडते, त्यामुळं रात्रभर लावला म्हणून जास्त चार्ज होऊन फुगली असं सहसा होत नाही. पण बॅटरी १०० टक्क्यांवर आणि गरम जागी रोज तासन् तास पडून राहिली की तिचं वय लवकर संपतं. दोन्ही एकत्र आलं की वाईट. माझ्याकडं फुगलेल्या बॅटऱ्या येतात त्यातल्या बऱ्याच टीव्हीच्या बंद कपाटातल्या, कन्सोलच्या गरम वाऱ्यापुढं ठेवलेल्या कंट्रोलरमधल्या असतात. सोनीच्या माहितीपत्रकात चार्जिंग १० ते ३० डिग्री तापमानात करा असं छापलंय. एप्रिल-मे मध्ये आपल्याकडं दुपारी पत्र्याच्या खोलीत किती होतं ते तुम्हाला माहितीच आहे. उन्हाळ्यात सकाळी लवकर किंवा रात्री उशिरा, फरशीवर ठेवून चार्ज करा, गादीवर आणि उशीखाली अजिबात नको.

आता बॅटरी बदलण्याबद्दल, कारण धाग्याचा मूळ मुद्दा तोच आहे. डुअलशॉक ४ उघडायला मागं चारच स्क्रू आहेत. स्क्रू काढले की कडेच्या चापा नखानं किंवा प्लॅस्टिकच्या पट्टीनं सोडवायच्या. इथं लोक घाई करतात. मागचं झाकण खस्सकन ओढायचं नाही, कारण चार्जिंगचं तोंड त्या मागच्या झाकणावरच्या छोट्या पट्टीवर आहे आणि तिथनं मेन बोर्डाला एक चपटी रिबीन गेलेली असते. झाकण पुस्तकासारखं हळू उघडायचं, रिबीन सरळ ओढून काढायची, मग बॅटरी समोरच दिसते, तिची पिन काढली की झालं. सोल्डरिंग काही नाही.

बॅटरी मागवताना मागचा मॉडेल नंबर बघा. सीयूएच-झेडसीटी१ असेल तर पिन मोठी, सीयूएच-झेडसीटी२ असेल तर पिन बारीक. बॅटरी सारखीच दिसते पण पिन बसत नाही, मग लोक वायर तोडून जोडत बसतात, तसं करू नका. आणि १००० च्या जागी २००० एमएएच लिहिलेली स्वस्तातली बॅटरी दिसली तर विश्वास ठेवू नका, तेवढ्याच आकारात दुप्पट कुठनं येणार. वजन करून बघितलं तर जुनीपेक्षा हलकी भरते अशी पण बघितलीय मी.

फुगलेली असेल तर टोचायची नाही, दाबायची नाही, स्क्रूड्रायव्हरनं उचकटायची नाही. कचऱ्याच्या गाडीत पण टाकू नका, ई-कचरा घेतात तिथं द्या.

सायबरचौकातली_आई

आमच्या घरी एक्सबॉक्स आहे त्यामुळे आमचा विषय थोडा वेगळा आहे, तरी लिहिते, कोणाला तरी उपयोग होईल. एक्सबॉक्सच्या कंट्रोलरमध्ये दोन पेन्सिल सेल लागतात, म्हणजे डबल ए. आमचे चिरंजीव आणि त्यांचे काका मिळून खेळतात आणि सुट्टीत सेलचा नुसता सडा पडायचा. दुकानदार काकांनी मला विचारलं सुद्धा की ताई एवढे सेल कशाला लागतात.

मग मी रिचार्जेबल सेल घेतले, निकेल मेटल हायड्राइड लिहिलेले, चार सेल आणि त्यांचा चार्जर. दोन कंट्रोलरमध्ये, दोन चार्जरमध्ये. सुरुवातीला घरच्यांना वाटलं की कंट्रोलरला यूएसबीचं तोंड आहे तर वायर लावली की आत बसवलेले हे सेल चार्ज होतील. होत नाहीत. वायर लावली की कंट्रोलर वायरवर चालतो, सेल तसेच राहतात. वायरनं चार्ज व्हायचं असेल तर कंपनीचा वेगळा बॅटरी पॅक मिळतो तो बसवावा लागतो. आम्हाला बाहेरचा चार्जरच बरा वाटतो, सेल थकले की नवीन जोडी घेतली, काम झालं, कंट्रोलर उघडायची भानगड नाही.

माझा आग्रह एकच असतो, जोडी फोडायची नाही. सेलवर मी मार्करनं अ-अ आणि ब-ब लिहून ठेवलंय. एक ताजा आणि एक दमलेला सेल एकत्र घातला की थकलेल्या बैलाला ताज्याबरोबर जुंपल्यासारखं होतं, दमलेला पार शून्याच्याही खाली ओढला जातो आणि कायमचा खराब होतो. अजून एक म्हणजे ह्या सेलचा व्होल्ट १.२ असतो, साध्याचा नवा असताना १.५, आणि रिचार्जेबलचा व्होल्ट बराच वेळ तसाच राहून शेवटी एकदम पडतो. त्यामुळे पडद्यावरच्या बॅटरीच्या चित्रावर जाऊ नका, ते अर्धी दाखवतं आणि थोड्या वेळात कंट्रोलर बंद.

दहावीचं वर्ष असल्यामुळे सध्या कंट्रोलर कपाटात आहे. ठेवताना सेल काढून ठेवलेत. नात्यातल्या एकांकडून जुना कंट्रोलर आला होता, त्यात साधे सेल तसेच राहून पाझरले होते, पत्रीवर पांढरा-हिरवट थर. कापसाच्या काडीला थोडं व्हिनेगर लावून पुसला, मग कोरडं केलं, चालू झाला. पण पत्री जास्त खाल्ली गेली असती तर गेलाच होता.

राजारामपुरीकर

ताई, अ-अ ब-ब ची कल्पना फार आवडली, आजच माझ्या कॅमेऱ्याच्या सेलवर लिहितो.

विद्यापीठ_हॉस्टेल

माझ्याकडे कन्सोल नाही, लॅपटॉप आणि जुना डुअलशॉक ४, ब्लूटूथवर. इथं सगळ्यात मोठा प्रॉब्लेम म्हणजे गेम बंद केला, लॅपटॉपवर दुसरं काम करत बसलो तरी कंट्रोलर जोडलेलाच राहतो आणि पट्टी पेटलेली. पीएस बटण १० सेकंद दाबून धरलं की कंट्रोलर बंद होतो, हे आमच्या मजल्यावर निम्म्या जणांना माहीत नव्हतं. आता मी डीएसफोरविंडोज नावाचा लॅपटॉपवरचा प्रोग्रॅम वापरतो, त्यात पट्टी पूर्ण काळी करता येते आणि काही मिनिटं हात लावला नाही की आपोआप तोडायचं असं पण लावता येतं. स्टीम, म्हणजे लॅपटॉपवर गेम घ्यायचं-खेळायचं ॲप, त्यात पण तसा पर्याय आहे.

वायरचं पण सांगतो. लायटरच्या, पंख्याच्या डब्यातनं आलेल्या काही वायरी फक्त चार्जिंगच्या असतात, आत डेटाच्या तारा नसतात. चार्ज होतो पण लॅपटॉपला कंट्रोलर दिसतच नाही, मग लोक कंट्रोलर बिघडला म्हणून बसतात. रूममेटचा तर मी नुसती वायर बदलून "दुरुस्त" करून दिला आणि त्यानं मला मिसळ खाऊ घातली.

फुलेवाडी_निवांत

मोबाइलच्या फास्ट चार्जरला लावला तर जळतो का? मी तर लावतोय आणि काही झालेलं नाही.

उद्यमनगर_दुरुस्ती

नाही जळत. चांगला फास्ट चार्जर आधी ५ व्होल्टच देतो, समोरच्यानं मागितलं तरच वाढवतो, कंट्रोलर मागतच नाही. त्यामुळं लवकर पण भरत नाही, डुअलसेन्सला तीन तासांच्या आसपास लागणारच. फक्त बिननावाचे रस्त्यावरचे चार्जर नकोत, त्यांच्या व्होल्टचा भरवसा नसतो.

शाहूपुरी_सहावी_गल्ली

आमच्या भागातल्यांना हे लागेल म्हणून जरा सविस्तर लिहितो. २०१९ ला आणि परत २०२१ ला आमच्याकडं पाणी आलं. दोन्ही वेळेला सामान वर चढवताना टीव्ही, कन्सोल, पुस्तकं आणि एका स्टीलच्या डब्यात कंट्रोलर. नंतर बरेच दिवस लाईट नाही. तेव्हापासनं माझी पद्धत ठरलीय, पावसाळा सुरू झाला की कंट्रोलर निम्म्याच्या वर चार्ज ठेवायचा, रिकामा कधीच नाही. लिथियमची बॅटरी रिकामी होऊन महिनोन् महिने पडली की आतल्या आत अजून उतरते आणि मग चार्जच घेत नाही. डब्यात पाणी शोषणाऱ्या पुड्या टाकतो, बुटांच्या खोक्यात येतात त्या, कारण जुलैत आमच्या भिंतींना ओल असते आणि चार्जिंग डॉकच्या, म्हणजे कंट्रोलर ठेवून चार्ज करायच्या स्टँडच्या पितळी टोकांवर काळपटपणा येतो, मग कंट्रोलर डॉकवर बसतो पण चार्ज होत नाही. खोडरबरानं हलकं घासलं की जातो.

लाईट नसताना पॉवर बँकेवर चार्ज करतो. काही पॉवर बँका करंट कमी झाला की आपणहून बंद होतात, म्हणून बॅटरी भरत आली की चार्जिंग तुटतं, ते नॉर्मल आहे, तेवढ्यावर खेळायचं.

आणि हात जोडून सांगतो, पाण्यात बुडालेला कंट्रोलर वाळल्यासारखा वाटला तरी चार्जिंगला लावू नका. पुराचं पाणी नुसतं पाणी नसतं, गाळ असतो त्यात. उघडून बॅटरी सुटी करा, ती परत वापरू नका, बोर्ड साफ करून घ्या आणि मग नवीन बॅटरी घाला. शेजाऱ्यांचा एक असाच वाचलाय.

मंगळवारपेठ_फुटबॉल

लई भारी माहिती दादा. आमचा एक भिडू मिलिटरीत आहे, त्याचा कंट्रोलर सहा-आठ महिने नुसता घरात पडून असतोय. त्याला काय सांगू? फुल्ल करून ठिवू म्हणालाय.

उद्यमनगर_दुरुस्ती

फुल्ल नको, दोन काड्यांवर ठेवायला सांगा, सावलीत, लोखंडी कपाटाच्या वरच्या कप्प्यात नको, तो तापतो. आणि घरच्यांना सांगून ठेवा, दोन-तीन महिन्यांनी एकदा अर्धा-पाऊण तास चार्जिंगला लावायचा. सोनीवाले वर्षातून एकदा तरी फुल्ल करा म्हणतात, पण बॅटरी जुनी असेल तर तेवढी वाट बघू नका.