पायावर लाल-जांभळे ठिपके, खाज अजिबात नाही. काय लावू?

ओवी२२: कालपासून पायांवर बारीक लाल ठिपके आलेत, आज काही जांभळट दिसतायत. खाज नाही. पोटऱ्यांवर जास्त. कॅलामाइन लावलं, ढिम्म फरक नाही. स्किनच्या डॉक्टरांची वेळ थेट सोमवारची मिळाली. तोवर काय लावू? लवकर सांगा प्लीज.

सातारी_तर्री: पित्त उठलंय. आमसुलाचं पाणी लावा, तासाभरात गायब.

घाटवळण: अहो, पित्ताच्या गांधी खाजून जीव नको करतात आणि काही तासांत जागा बदलतात. इथे खाजच नाही. ओवी, काचेचा पारदर्शक ग्लास ठिपक्यांवर दाबून आरपार बघा. रंग दाबाखाली फिका पडतो का? पडत नसेल तर रक्त त्वचेखाली उतरलंय, त्यावर मलम चालत नाही. वय काय? ताप? कुठल्या गोळ्या चालू आहेत?

पिंपळपान७: डेंग्यू!! दिरांना अस्सेच ठिपके आले होते. पपईच्या पानांचा रस सुरू करा, रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट पेशी भराभर चढतात.

घाटवळण: डेंग्यूत ताप उतरल्यावर काही दिवसांत प्लेटलेट बहुतेकदा आपोआपच चढतात, श्रेय पपईला मिळतं.

पिंपळपान७: तुम्ही डॉक्टर आहात का? आम्ही डोळ्यांनी पाहिलंय.

रानजाई: सासूबाईंच्या हातांवर जांभळे डाग पडतात. वयाने त्वचा पातळ झालीय, त्यात रक्त पातळ करायची गोळी. जरा कुठे आपटलं की डाग. डॉक्टर म्हणाले घाबरू नका, पण गोळी मनाने बंद करू नका. ओवी, तुम्हीही करू नका.

ओवी२२: ग्लास दाबला, रंग तस्साच राहतो. आणि गोळी कसली बंद करू? सहा वर्षांचा आहे तो!

घाटवळण: मुलाबद्दल विचारताय होय! मग सगळं नीट सांगा. ताप? सर्दी-खोकला? सांधे? पोट?

ओवी२२: ताप नाही. मागे घसा धरला होता, बरा झाला. काल जरा लंगडत होता, मैदानात पडला असेल. ठिपके बसायच्या जागीही आहेत. पोट दुखतं म्हणतो, पण ते शाळेच्या वेळेला नेहमीचंच.

ओसरी: ठिपके बोटाला उंच लागतात का? माझ्या मुलीला हुबेहूब हेच झालं होतं. हेनॉक-शोनलाइन पुरप्युरा, हल्ली आयजीए व्हॅस्क्युलायटिस म्हणतात. घसा वगैरे येऊन गेल्यावर बारीक रक्तवाहिन्यांना सूज येते आणि त्या पाझरतात. प्लेटलेट यात नॉर्मल असतात. मुलं बहुतेक महिनाभरात बरी होतात, पण किडनीवर लक्ष ठेवावं लागतं. तेव्हा सोमवारपर्यंत थांबू नका, आजच बालरोगतज्ज्ञांना दाखवा. सीबीसी (रक्तपेशींची मोजणी), लघवीची तपासणी आणि बीपी, तिन्ही करून घ्या.

घाटवळण: +१. डेंग्यू नाही हे ठरेपर्यंत दुखण्यावरचं आयब्युप्रोफेन देऊ नका. आणि ताप चढला, मूल मलूल झालं किंवा ठिपके भराभर पसरले तर ओपीडीच्या रांगेत न बसता सरळ इमर्जन्सी. मेंदूज्वराच्या एका प्रकारातही असेच दाबून फिके न पडणारे ठिपके येतात, तिथे तास मोजावे लागतात.

पिंपळपान७: म्हणजे प्लेटलेट तपासायच्याच ना शेवटी? मी तेच म्हणत होते.

तिखटमीठ: माझ्या छातीवर लाल तिळासारखे चार-पाच ठिपके आहेत, वर्षानुवर्षं. तेही हेच का?

रानजाई: ते चेरी अँजिओमा असतील. तिशीनंतर खूप जणांना येतात, निरुपद्रवी. पण वेगळा धागा काढा हो, इथे लेकराचं चाललंय.

ओवी२२: दाखवून आलो. ठिपके उंच लागतात, घोटाही सुजलाय. प्लेटलेट ३ लाख २० हजार, म्हणजे नॉर्मल. लघवी साफ, बीपी ठीक. ओसरी, तुम्ही म्हणालात तेच निघालं. आराम आणि पॅरासिटामॉल. आधी दर आठवड्याला लघवी तपासायची, मग महिन्याला, सहा महिने तरी. पोटात जोराची कळ आली किंवा शी करताना रक्त दिसलं तर लगेच आणा म्हणाले. आता सासूबाई म्हणतात गोवर आहे, धाकटीला आजीकडे पाठवा. पाठवू?

ओसरी: गरज नाही. हे एकाचं दुसऱ्याला लागत नाही. शाळेसाठी मात्र डॉक्टरांकडून तसं लिहून घ्या, आमच्या बाई चिठ्ठी पाहिल्याशिवाय वर्गात घेईनात.

सातारी_तर्री: गोवराला कडुनिंबाचा पाला उशाशी ठेवतात.

घाटवळण: गोवर नाहीये हो!!