सीबीटी चालू ठेवू की सायकोडायनॅमिककडे वळू? मदत हवी आहे

पॅनिक अटॅक आणि सततची काळजी यासाठी सीबीटीची (विचार आणि वागणं बदलण्यावर भर देणारी थेरपी) १४ सेशन्स झालीत, आठवड्याला एक. विचारांची डायरी लिहिली, घरचा अभ्यास सगळा केला, लिफ्ट आणि गर्दीचं एक्सपोजर (भीती वाटते तिथे मुद्दाम जाणं) पण केलं आणि त्याचा खरंच फायदा झाला, अटॅक जवळजवळ थांबलेत. पण आतली ती काळजी आणि प्रत्येक जवळच्या नात्यात 'आपण नकोसे आहोत' असं वाटणं, ते तसंच आहे. विचार चुकीचा आहे हे कागदावर मांडता येतं मला, पण मनाला पटत नाही.

थेरपिस्टशी बोललो, त्या म्हणाल्या अजून कोअर बिलीफवर (स्वतःबद्दलच्या खोलवर रुजलेल्या समजुतींवर) काम करू, किंवा हवं तर सायकोडायनॅमिक (जुने अनुभव आणि नाती यातून मनात दडलेलं समजून घेणारी थेरपी) करणाऱ्यांकडे पाठवते. एसीटी या आणखी एका थेरपीबद्दल पण वाचलं, त्यात विचार खोडत बसायचं नाही, तो आहे तसा राहू देऊन आपल्याला महत्त्वाचं ते करायचं, हे मला जवळचं वाटलं. शिवाय सगळ्या पद्धतींचे रिझल्ट साधारण सारखेच असतात हे रोझेनझ्वाइग या मानसशास्त्रज्ञाने १९३६ लाच मांडलं होतं म्हणे, मग निवडायचं कशावरून?

गोळ्या चालू आहेत, डोस बदललेला नाही, जीवाला धोका वाटेल असे विचार नाहीत. आठवड्याला एकच सेशन जमेल, दोन थेरपिस्ट एकदम नकोत.

ज्यांनी सीबीटीनंतर पद्धत बदलली त्यांना विचारायचंय, नात्यातल्या या भीतीत फरक साधारण किती सेशन्सनी जाणवला, आणि बदलल्यावर पॅनिक परत आलं का?