शब्दचर्चा : आर्मेनियन ‘व्काय’ला मराठीत काय म्हणावं – हुतात्मा, शहीद की साक्षी?

जुनी वही

येघिशे या आर्मेनियन लेखकाच्या ‘वर्दान आणि आर्मेनियन युद्ध’ या ग्रंथातल्या काही उताऱ्यांचं मराठी करते आहे. पार्श्वभूमी थोडक्यात अशी. इराणचा सासानी बादशहा दुसरा याझ्दगर्द याने आर्मेनियाच्या सरदारांना फर्मान धाडलं की ख्रिस्ती धर्म सोडून झरथुष्ट्राचा धर्म घ्या. सरदार आणि बिशप अडून बसले. इ. स. ४५१ मध्ये अवारायरच्या मैदानावर लढाई झाली, तीत सेनापती वर्दान मामिकोन्यान पडला. आर्मेनियन बाजूचे एकूण १,०३६ जण कामी आले, असं येघिशे सांगतो. ४५४ मध्ये कैदेतल्या घेवोंद वगैरे धर्मगुरूंनाही इराणात ठार मारलं.

त्या काळच्या आर्मेनियन ग्रंथांत धर्मापायी मेलेल्यांसाठी ‘व्काय’ आणि ‘नाहातक’ असे दोन शब्द भेटतात. मी दोन्हीकडे ‘हुतात्मा’ लिहून मोकळी झाले होते, पण वाचताना काहीतरी खटकतंय. तुम्ही काय लिहाल?

तळटीप

‘व्काय’चा मूळ अर्थ साक्षीदार. शब्द इराणी भाषांतून आर्मेनियनमध्ये आलेला. त्याचाच भाऊबंद पहलवीत (सासानी काळातल्या फारसीत) ‘गुगाय’, पुढे फारसीत ‘गवाह’, आणि त्यावरून आपली ‘ग्वाही’. सुरुवातीच्या ‘वि’चा ‘गु’ होणं ही फारसीची जुनी खोड आहे. अवेस्ता या झरथुष्ट्री धर्मग्रंथातला विश्तास्प फारसीत गुश्तास्प होतो, तसंच हे.

साक्षीदाराचा धर्मवीर कसा झाला? ग्रीक ‘मार्तुस’ म्हणजे साक्षीदार, सिरियाक या पूर्वेकडच्या ख्रिस्ती लोकांच्या जुन्या भाषेत ‘साहदा’ म्हणजेही साक्षीदार. मेस्रोप माश्तोत्सने ४०५ च्या सुमारास आर्मेनियन लिपी घडवली. तोवर आर्मेनियातल्या चर्चमध्ये वाचन चालायचं ते ग्रीक आणि सिरियाकमधून. लिपी हाती आल्यावर बायबलची भाषांतरं सुरू झाली. परक्या भाषेतला साक्षीदार आपल्या भाषेत आणायचा, तर दरबारात नि न्यायनिवाड्यात रुळलेला इराणी शब्द हाताशी होताच. गंमत अशी की अरबी ‘शहीद’चं मूळही साक्ष देण्यातच आहे. म्हणजे अर्थाच्या दृष्टीने ‘व्काय’ला ‘शहीद’ जवळचा, ‘हुतात्मा’ लांबचा.

तुम्ही सहज ‘फर्मान’ लिहून गेलात, तोही यातलाच. आर्मेनियनमध्ये त्याचं रूप ‘ह्रामान’.

खडू-फळा

‘हुतात्मा’ का खटकतंय ते सांगतो. हुत म्हणजे अग्नीत होमलेलं. ज्याने स्वतःची आहुती दिली तो हुतात्मा. आता प्रसंग बघा. या मंडळींवर सक्ती कसली होती? अग्नीची उपासना करा, अग्निमंदिरं उभारू द्या! अंगेघ नावाच्या गावात मोबेद (झरथुष्ट्री पुरोहित) आपली माणसं घेऊन चर्चचं दार फोडायला आले, तेव्हा याच घेवोंदने गावकरी जमवून त्यांना पिटाळून लावलं. अग्नीपुढे वाकणार नाही म्हणून ज्यांनी मान दिली, त्यांना आपण मराठीत थेट होमकुंडात घालतोय.

पायवाट

@खडू-फळा, युक्तिवाद फक्कड, पण पटला नाही. शब्दाची फोड वेगळी, वापर वेगळा. मुंबईत हुतात्मा चौकातून रोज हजारो लोक जातात, त्यातल्या कुणाला यज्ञ आठवतो? प्रत्येक शब्द मुळापाशी नेऊन ठेवायचा तर भाषांतर एक पानभर पुढे सरकणार नाही. (‘हजार’ही फारसीच. आर्मेनियन दरबारातल्या एका बड्या अधिकाऱ्याला ‘हजारापेत’ म्हणत. त्यातला ‘पेत’ म्हणजे आपला ‘पति’. म्हणून काय तिथे ‘सहस्रपती’ लिहायचं?)

तळटीप

@पायवाट, एरवी मी तुमच्याच बाजूने असतो. पण इथे लेखक स्वतः साक्ष या कल्पनेवर जोर देतो. घेवोंद आणि त्याच्या सोबत्यांची चौकशी होते, प्रश्नोत्तरं होतात, ते बोलतात आणि मग मरतात. पूर्ण प्रसंगाचा बाज न्यायसभेचा आहे. तिथे ‘हुतात्मा’ घातला की त्यांचं बोलणं बाजूला पडतं आणि नुसतं मरण उरतं. येघिशेने एक जुनं वचन दिलं आहे, त्याचा भावार्थ असा : न उमजता आलेलं मरण हे मरण, उमजून आलेलं मरण हे अमरत्व. सगळा भर त्या उमजण्यावर आहे.

खडू-फळा

आणि ‘नाहातक’ वेगळाच ठेवा. तो आधी रणांगणातला शब्द, आघाडीवर लढणारा वीर. धर्मासाठी मेलेला हा अर्थ त्याला नंतर चिकटला, आणि आजच्या आर्मेनियनमध्ये तोच मुख्य झाला. वर्दान हातात तलवार घेऊन पडला, घेवोंद हात बांधलेल्या अवस्थेत. दोघांना एकाच मापाने संत ठरवणं चर्चला सोपं नव्हतं. सुरुवातीच्या ख्रिस्ती परंपरेत साक्षी म्हणजे बहुतेक निःशस्त्र माणूस. येघिशे यातून वाट काढतो ती मक्काबींच्या ग्रंथांतून. राजाच्या धर्मसक्तीविरुद्ध शस्त्र उचलणारे यहुदी वीर हा त्याचा नमुना. त्यामुळे तलवारवालेही पावन झाले. आर्मेनियन चर्च आजही लेंटच्या, म्हणजे ईस्टरपूर्वीच्या उपवासकाळाच्या, आधीच्या गुरुवारी वर्दान आणि त्याच्या सोबत्यांचा सण पाळतं.

माझं मत : वर्दानसाठी ‘धर्मवीर’ किंवा साधा ‘वीर’, घेवोंदसाठी ‘साक्षी’.

वसईकर

आमच्याकडच्या ख्रिस्ती मराठीत ‘रक्तसाक्षी’ हा शब्द आहेच की! वसईचे संत गोन्सालो गार्सिया १५९७ मध्ये जपानात नागासाकीला क्रुसावर मारले गेले, त्यांना आम्ही रक्तसाक्षीच म्हणतो. नवा शब्द पाडायची गरजच नाही.

जुनी वही

@वसईकर, अगदी हाच हवा होता! साक्षही आली आणि मरणही. घेवोंदच्या प्रकरणात ‘रक्तसाक्षी’ पक्का.

आता दुसरी अडचण. ‘उख्त’. वर्दान आणि सरदार सुवार्तेवर हात ठेवून शपथ घेतात, तिथेही ‘उख्त’, आणि ‘चर्चचं उख्त’ म्हणून धर्मगुरूंच्या समूहालाही तोच शब्द. ‘करार’ लिहिलं तर भाडेकरार वाटतो.

तळटीप

हाही इराणीतून आलेला. अवेस्तात ‘उख्त’ म्हणजे बोललेलं, आणि संस्कृतात त्याचा सख्खा भाऊ ‘उक्त’. म्हणून ‘उक्त’ लिहा असं मुळीच म्हणत नाही, नाहीतर पायवाट मला धरतील! :)

येघिशेचा सगळा ग्रंथ या शब्दाभोवती फिरतो. त्याच्या लेखी जगात दोनच पक्ष, उख्त पाळणारे आणि मोडणारे. मोडणाऱ्यांचा म्होरक्या वासाक, स्युनिकचा सरदार. आर्मेनियाचा मर्झपान, म्हणजे बादशहाने नेमलेला सुभेदार, तोच. त्याला रंगवताना लेखकाने काळा रंग काही कमी वापरलेला नाही. हीच लढाई पाचव्या शतकाच्या अखेरीस घाझार पार्पेत्सीनेही सांगितली आहे, ती शेजारी ठेवून वाचा, येघिशे कुठे आवाज चढवतो ते लगेच कळतं.

शपथेच्या प्रसंगी ‘आणभाक’ कसं वाटतं? धर्मगुरूंच्या समूहासाठी मात्र ते चालणार नाही, तिथे ‘व्रती मंडळी’सारखं काहीतरी शोधावं लागेल.

पायवाट

‘आणभाक’ झकास. पण मराठी बायबलमध्ये या कल्पनेला ‘करार’च आहे, जुना करार, नवा करार. येघिशेचा वाचक बायबल कोळून प्यायलेला होता. त्याला ‘उख्त’ म्हटल्यावर देवाने इस्राएलशी केलेला करार आठवणारच. हा दुवा तोडू नका. ‘पवित्र करार’ लिहा, भाडेकरार कुणाला वाटणार नाही.

जुनी वही

हे पटलं. दोन्ही ठिकाणी ‘पवित्र करार’च ठेवते. धर्मगुरूंच्या बाबतीत ‘चर्चच्या पवित्र करारातले लोक’ असं थोडं लांबवेन.

जाता जाता, लेखकाचं नाव काय लिहायचं? काही ठिकाणी एलिशे, काही ठिकाणी येघिशे.

तळटीप

दोन्ही बरोबर. मधलं अक्षर पाचव्या शतकात जाड ‘ल’सारखं उच्चारलं जाई, आज ते घशातल्या ‘घ’कडे गेलंय. ‘घेवोंद’चंही तेच, मूळ लेवोंद. आजचा उच्चार धरलात तर सगळीकडे तोच धरा. येघिशे आणि लेवोंद एका पानावर नकोत. आणि हे नाव म्हणजे मराठी बायबलमधला अलीशा संदेष्टा.

खडू-फळा

जाड ‘ल’ म्हणजे आपला ‘ळ’ का? एळिशे!

तळटीप

नाही हो. ‘ळ’ला जीभ मागे वळते, त्याला नुसती मागून उचलायची. मोह आवरा.

वसईकर

आणखी एक. ‘व्काय’वरून ‘व्कायारान’ हा शब्द येईल पुढे, रक्तसाक्षींच्या अस्थींवर बांधलेलं स्मारक. संत ह्रिप्सिमे या रक्तसाक्षी स्त्रीचं असंच होतं, आर्मेनियातल्या वाघार्शापात इथे. त्याच जागी कोमितास या कॅथोलिकोसने (आर्मेनियन चर्चच्या प्रमुखाने) ६१८ मध्ये चर्च बांधलं, ते अजून उभं आहे. ‘समाधी’ लिहू नका, आमच्या लोकांना ध्यानाला बसलेला साधू दिसेल. ‘रक्तसाक्षीचं स्मृतिमंदिर’ चालेल.

जुनी वही

‘मंदिर’ आलं की पुन्हा अग्निमंदिराशी गल्लत होईल, त्याच प्रकरणात दोन्ही आहेत. ‘स्मृतिस्थान’ लिहिते.