ले डुक आन नुसते शिक्क्याचे राष्ट्राध्यक्ष होते का?

कुणीतरी लिहिलंय, की व्हिएतनामचे राष्ट्राध्यक्ष ले डुक आन म्हणजे नुसता शिक्का, खरी सत्ता कम्युनिस्ट पक्षाच्या सरचिटणीसाकडे. अर्धं बरोबर आहे. दो मुओई सरचिटणीस, वो वान किएत पंतप्रधान आणि हे तिसरे, अशी तिघांची वाटणी होती. पण लष्कर कुणाचं ऐकणार, हा प्रश्न तिथे कधीच किरकोळ नव्हता.

माणूस मध्य व्हिएतनाममधल्या ह्युए भागातला, जन्म १९२०चा. १९७५मध्ये दक्षिण व्हिएतनामची राजधानी सायगाववर उत्तरेची जी चढाई झाली तिची नैर्ऋत्येकडची फळी त्यांच्याकडे होती. पुढे कंबोडियातल्या व्हिएतनामी फौजांचे ते सेनापती. बंडखोरांना रोखायला थाई सीमेवर अडथळ्यांची फळी उभारायच्या के-५ योजनेत जंगल तोडायला, सुरुंग पेरायला कंबोडियन माणसं जबरदस्तीने नेली, त्यातली कित्येक मलेरियाने गेली. त्यांच्या कौतुकाच्या लेखांत हे पान हमखास गाळलेलं असतं! १९८७मध्ये संरक्षणमंत्री, १९९२मध्ये राष्ट्राध्यक्ष. हे पदही त्याच वर्षीच्या राज्यघटनेने नव्याने आणलं. आधी तिथे सामूहिक राज्य परिषद होती.

मला गंमत वाटते ती १९९५ची. जुलैमध्ये अमेरिकेशी राजनैतिक संबंध जुळले, त्याच महिन्यात आसियानचं, म्हणजे आग्नेय आशियाई देशांच्या संघटनेचं, सदस्यत्व मिळालं आणि ऑक्टोबरात हे महाशय संयुक्त राष्ट्रांच्या पन्नाशीला थेट न्यूयॉर्कात! कट्टर म्हणून ओळखला जाणारा, अमेरिकेशी लढलेला जनरल. तोच सोबत असल्यावर लष्करातून विरोध कोण करणार?

१९९६च्या अखेरीस पक्षाघाताचा झटका आला, पुढच्या वर्षी पद सोडलं. वारले मात्र २०१९मध्ये, अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी.