‘सूट ॲक्टर’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न : हारुओ नाकाजिमा (१९२९–२०१७) यांच्या कारकिर्दीवर टिपण लिहितोय. १९५४च्या पहिल्या चित्रपटापासून १९७२पर्यंत, ओळीने बारा चित्रपटांत गॉडझिलाच्या रबरी पोशाखात तेच होते. जपानी लोक अशा नटाला ‘सूट ॲक्टर’ म्हणतात. शब्द इंग्रजी दिसतो, पण घडवलाय जपानातच. मराठीत ‘मुखवटाधारी नट’ चालेल?

प्रतिसाद : नको. ‘मुखवटाधारी’ म्हटलं की आपल्याला लबाड माणूस आठवतो. शिवाय मुखवटा तोंडापुरता, आणि हे काम सगळ्या अंगाचं. पहिला पोशाख सुमारे १०० किलोंचा होता, त्यात धड चालता येईना, म्हणून तो बाजूला ठेवून दुसरा करावा लागला. नाकाजिमांनी उएनोच्या प्राणिसंग्रहालयात हत्ती-अस्वलं कशी पाय टाकतात ते पाहून चाल बसवली. त्यात चित्रण जास्त वेगाने करायचं, म्हणजे पडद्यावर हालचाल संथ होते आणि प्राणी अवाढव्य भासतो. वरून दिव्यांची धग. एवढं सगळं ‘मुखवटा’ या शब्दात मावत नाही.

मी ‘सोंग’ सुचवेन. जव्हार-मोखाड्याकडे बोहाड्यात, म्हणजे मुखवटे घालून नाचायच्या आदिवासी उत्सवात, सोंगं नाचवतात. ‘नाचवणे’ हे क्रियापद इथे चपखल बसतं.

प्रतिसाद : बोहाडा ज्यांनी पाहिलाय त्यांना पटेल. बाकीच्यांना सोंग म्हणजे आजारपणाचं. आणि ‘नाकाजिमा हे थोर सोंगाडे होते’ असं लिहिलंत तर लोकांना तमाशाच आठवणार! ‘डमी’ का नको? सगळ्यांना कळतो.

प्रतिसाद : कळतो, पण चुकीचा कळतो. डमी दुसऱ्या नटाच्या जागी उभा राहतो. गॉडझिलाला दुसरा नट आहेच कुठे? पहिल्या चित्रपटात कात्सुमी तेझुका यांनीही तो पोशाख घातला, पण तेही कुणाचे बदली नव्हते.

‘अल्ट्रामॅन’ (१९६६) ही जपानी टीव्ही मालिका मात्र वेगळं प्रकरण. हायाताचं, म्हणजे अल्ट्रामॅनच्या माणूसरूपाचं, काम सुसुमु कुरोबे यांचं आणि रूप पालटल्यावर पोशाखात बिन फुरुया. एक पात्र, दोन नट. तिथेही डमी म्हणणं अन्यायाचंच, कारण अल्ट्रामॅनची ती वाकून उभं राहायची ढब फुरुयांच्या अंगातून आलेली. पुढच्याच वर्षी ‘अल्ट्रा सेव्हन’ या मालिकेत ते अमागी नावाच्या पात्रात उघड्या चेहऱ्याने दिसले. नाकाजिमाही ‘सेव्हन समुराई’त छोट्या भूमिकेत दरोडेखोर आहेत. म्हणजे ही माणसं आधी नट. त्यांच्यासाठी वेगळी जात काढायची गरज मला तरी वाटत नाही. ‘पोशाखातला नट’ एकदा लिहा, पुढे नुसतं ‘नट’.

प्रश्नकर्ता : पटलं. ‘सूट ॲक्टर’ पहिल्यांदा येईल तिथे अर्थ देतो. बारागॉन, गाइरा, ‘अल्ट्रामॅन’मधला नेरोंगा या नाकाजिमांनीच केलेल्या इतर राक्षसी प्राण्यांच्या परिच्छेदात ‘सोंग नाचवलं’ एकदा तरी घालणारच, मोह आवरत नाही. अजून एक : गॉडझिला की मूळ उच्चाराप्रमाणे गोजिरा?

प्रतिसाद : गोरिरा अधिक कुजिरा, म्हणजे गोरिला आणि देवमासा, मिळून गोजिरा. पण मराठीत शहरं तुडवणारा ‘गोजिरा’ कसा वाचणार? वाचक त्याचा गालगुच्चा घेईल. गॉडझिलाच ठेवा.