नेदरलँड्समध्ये ज्यूसचे रेट नक्की ठरतात कसे? आणि आपल्या हापूस पल्पला तिथे जागा आहे का?

आम्स्टेलवेनकर

नमस्कार मंडळी, बरेच दिवस डोक्यात असलेला प्रश्न विचारतोय. इथे नेदरलँड्समध्ये राहतो, घरात दोन मुलं, त्यामुळे दर आठवड्याला संत्र्याचा ज्यूस येतोच. गेल्या दोन-तीन वर्षांत त्याचा रेट असा काही वाढलाय की बायको आता पॅक उचलून परत ठेवते. मला कळत नाही ते असं, की ब्राझीलचा ज्यूस घेऊन येणारी जहाजं इथेच रॉटरडॅमला लागतात, अर्ध्या युरोपला माल इथून जातो, मग बंदराच्या दारात राहणाऱ्याला तरी स्वस्त मिळायला हवा की नको? उलट बॉर्डरपलीकडे जर्मनीत तोच माल कमी पैशात मिळतो असं सगळेच सांगतात.

दुसरं म्हणजे माझ्या मेव्हण्याचं रत्नागिरीजवळ छोटं कॅनिंग युनिट आहे. तो म्हणतोय हापूसचा तयार ज्यूस आणि कोकम सरबत बाटलीत भरून पाठवतो, तू तिकडे विक. इथे भारतीय लोक भरपूर आहेत, शिवाय सुरिनामी (सुरिनाम या जुन्या डच वसाहतीतून आलेली) मंडळी आंब्याचं पेय आवडीनं पितात. पण रेटचं गणितच कळत नसेल तर उडी कशी मारायची? ज्यांना या धंद्याची माहिती आहे त्यांनी प्लीज सविस्तर सांगा.

ब्रिक्सवाला

मी ज्यूस भरणाऱ्या एका कंपनीत खरेदी विभागात आहे, रोजचं कामच हे, म्हणून जरा लांबण लावतो.

आधी संत्र्याचं. दुकानातला बहुतेक स्वस्त ज्यूस कॉन्संट्रेटपासून बनतो. ब्राझीलमध्ये रस आटवून ६६ ब्रिक्सपर्यंत (ब्रिक्स म्हणजे रसात विरघळलेल्या साखर वगैरे घटकांचं टक्क्यांतलं प्रमाण) घट्ट करतात, गोठवून टँकर जहाजात भरतात, इकडे आणून त्यात पाणी घालून परत ११.२ ब्रिक्सवर आणतात, युरोपात कॉन्संट्रेटच्या संत्रा ज्यूसला किमान तेवढा ब्रिक्स लागतोच. बाजारात भाव बोलतात तो डॉलर प्रति पौंड सॉलिड्स, म्हणजे पाणी सोडून रसात जे उरतं त्याचा. एक लिटर तयार ज्यूसमध्ये साधारण पाव पौंड सॉलिड्स असतात, एवढं लक्षात ठेवलं की सगळं सोपं होतं. न्यूयॉर्कच्या वायदे बाजारात भाव दीड डॉलरच्या आसपास असायचा तेव्हा एका लिटरमधला माल झाला ३५-४० सेंटचा. २०२४ च्या शेवटी तोच भाव ५ डॉलरच्या वर गेला, म्हणजे लिटरमागे सव्वा डॉलरहून जास्त नुसता माल. पॅकिंग, भरणावळ, ट्रक, दुकानदाराचं मार्जिन अजून धरलेलंच नाही.

भाव एवढा का पेटला? पीक गेलं. जगातल्या संत्रा ज्यूसच्या निर्यातीत ब्राझीलचा वाटा ७० टक्क्यांच्या वर आहे, आणि साओ पावलो-मिनास पट्ट्यात २०२४-२५ ला ४०.८ किलोच्या जेमतेम २३ कोटी पेट्या निघाल्या, आधीच्या वर्षी ३० कोटींच्या वर होत्या. उष्णता, दुष्काळ आणि त्यात ग्रीनिंग रोग. हा रोग सिट्रस सायला नावाची कीड पसरवते, झाड हळूहळू मरतं, औषध नाही. फ्लोरिडाची तर वाताहत झाली, १९९७-९८ ला तिथे २४ कोटी पेट्या व्हायच्या, २०२४-२५ ला सव्वा कोटीसुद्धा धड नाहीत. पूर्वी एक बाग बुडाली तर दुसरी सावरून घ्यायची, आता सावरायला कोणी उरलंच नाही.

आणि बंदर दारात असल्याचा फायदा का नाही, तर रॉटरडॅमला टाक्यांमध्ये उतरणारा माल हा डच गिऱ्हाइकासाठी आलेला नसतो, तो युरोपच्या भावानं विकला जातो. बंदरापासून दुकानापर्यंतचं ट्रकभाडं वाचतं तेवढंच, आणि ते लिटरमागे किती? काहीच नाही. देश छोटा, सुपरमार्केटच्या साखळ्या मोजक्या, त्या वर्षाचे करार करतात. म्हणून वायदे बाजार २०२५ मध्ये उतरून निम्म्याखाली आला तरी दुकानातला रेट लगेच उतरला नाही, कारण भरणाऱ्यांनी महाग माल आधीच उचलून ठेवला होता.

फेन्लोची_सुप्रिया

ब्रिक्सवाला दादांनी मालाचं सांगितलं, पण टॅक्सचं राहिलंच, आणि खरी चीड तर त्याचीच येते!! १ जानेवारी २०२४ पासून इथे अल्कोहोल नसलेल्या पेयांवरचा कर लिटरमागे ८.८३ सेंटवरून थेट २६.१३ सेंट झाला. तिप्पट! त्यावर परत ९ टक्के व्हॅट, म्हणजे साडेअठ्ठावीस सेंट नुसते सरकारचे, मग पॅकमध्ये काहीही असो. १०० टक्के फळांचा रस असो, कोला असो किंवा साखर अजिबात नसलेलं डाएट पेय, सगळ्यांना एकच रेट. मिनरल वॉटरला मात्र त्याच दिवसापासून शून्य. दुधाच्या पेयांना शून्य, अगदी चॉकलेट मिल्कलासुद्धा! सोया ड्रिंकला नाही पण ओट ड्रिंकला आहे. आता सांगा, सफरचंदाचा शुद्ध रस मुलाला दिला तर टॅक्स आणि साखर घातलेलं चॉकलेट दूध दिलं तर नाही, याला काय अर्थ आहे?

आम्ही बॉर्डरवरच राहतो, शनिवारी जर्मनीत गेलं की अर्धी गाडी डच नंबरप्लेटची दिसते आणि ट्रॉल्यांमध्ये पेयांचे क्रेटच्या क्रेट. तिकडे हा कर नाहीच. पण एक सांगते, जर्मनीत ज्यूसवर व्हॅट १९ टक्के आहे (इथे ९) आणि प्लास्टिकच्या ज्यूस बाटलीवर २५ सेंट डिपॉझिट, ते बाटली परत केल्याशिवाय मिळत नाही. त्यामुळे पेट्रोल जाळून फक्त ज्यूससाठी जाऊ नका, महिन्याचा बाकी बाजारही तिकडेच करायचा असेल तरच जा.

आहार_आणि_आपण

सुप्रियाताई, राग समजतो पण दुसरी बाजू मांडते, आहारतज्ज्ञ म्हणून. संत्र्याच्या १०० मिली शुद्ध रसात ९-१० ग्रॅम साखर असते, कोलामध्ये साडेदहाच्या आसपास. फळातून आलेली असली तरी रस काढला की चोथा गेला, आणि ती साखर शरीरात भराभर उतरते. डच पोषण केंद्र त्यांच्या रोजच्या आहाराच्या चक्रात फळांचा रस धरतच नाही, अख्खं फळ धरतं. तेव्हा ज्यूसवर टॅक्स लावला यात मला चूक दिसत नाही. चूक आहे ती साखर न मोजता लिटर मोजण्यात. साखरेच्या प्रमाणात टॅक्स असता तर कंपन्यांनी साखर कमी केली असती, ब्रिटननं २०१८ पासून तसं केलं आणि तिथे पेयांतली साखर खरंच उतरली. इथे डाएट पेयालाही तेवढाच कर, मग कोण कशाला कमी करेल?

फेन्लोची_सुप्रिया

हे पटलं. माझं म्हणणंही तेच आहे, की साखर मोजा. पण मग चॉकलेट दुधाचीही मोजा ना!

ब्रिक्सवाला

दोघींचंही बरोबर आहे. खरेदीच्या बाजूनं बघितलं तर या सपाट टॅक्सचा एक परिणाम फार कमी लोकांच्या लक्षात येतो. तो लिटरवर आहे, किमतीवर नाही. त्यामुळे ज्याचा माल स्वस्त त्याला तो जास्त चावतो. साधा सफरचंद ज्यूस, जो पोलंडच्या किंवा चीनच्या कॉन्संट्रेटपासून बनतो, त्यात माल कमी पैशाचा आणि टॅक्स मालाच्या तोडीस तोड. छोट्या काचेच्या बाटलीत मिळणाऱ्या भारी ज्यूसला मात्र जाणवतही नाही. म्हणजे बोजा पडतो तो मोठा स्वस्त पॅक घेणाऱ्या घरावर, ज्यांच्या पगारात महिना जेमतेम निघतो त्यांच्यावर. मला यातली ही गोष्ट सगळ्यात जास्त खुपते.

अजून एक, माल महागला की पॅकमधला पदार्थच बदलतो. युरोपात ज्यूस लिहिलं असेल तर १०० टक्के फळ आणि साखर घालायला पूर्ण बंदी. पण नेक्टर लिहिलं की संत्र्यात किमान ५० टक्के फळ पुरतं, बाकी पाणी आणि साखर चालते. २०२४ मध्ये जर्मनीत एका नामांकित ब्रँडनं संत्रा ज्यूस काढून त्याच जागी ५० टक्केवालं पेय आणलं, बाटली जवळजवळ तशीच. म्हणून मागची बारीक अक्षरं वाचाच.

आता आम्स्टेलवेनकर, तुमच्या मेव्हण्याकडे येतो. तयार ज्यूस बाटलीत भरून पाठवू नका. पाणी जहाजानं पाठवायचं, काचेचं वजन पाठवायचं, वरून प्रत्येक लिटरवर २६.१३ सेंट भरायचे, आणि तो कर बाहेरून माल आणणाऱ्याच्या, म्हणजे तुमच्या गळ्यात पडणार. आंब्याच्या नेक्टरला इथे किमान २५ टक्के फळ लागतं, म्हणजे एक किलो पल्पमधून चार किलो पेय होतं. मग पल्पच का पाठवू नये? ८५० ग्रॅमचे डबे दुकानांसाठी, किंवा मोठा गिऱ्हाईक मिळाला तर अॅसेप्टिक (निर्जंतुक करून हवाबंद भरलेला) ड्रम, २१५ किलोचा एक, वीस फुटी कंटेनरमध्ये ऐंशीच्या आसपास बसतात, १७ टन माल. पल्पवर कुठला कोड लागतो, ड्युटी किती, पेयाचा कर लागतो का, हे मात्र कस्टम ब्रोकरकडून लेखी घ्या, तोंडी कोणाच्याही भरवशावर राहू नका.

देवगडचा_बागायतदार

राम राम. आमची बाग आहे आणि दरवर्षी मे अखेरीस उरलेला माल कॅनिंगला जातो, म्हणून लिहितोय. पेटीचा सीझन संपला, पाऊस तोंडावर आला की डागी, बारीक, पिकून पडलेला सगळा आंबा किलोवर कॅनिंगला घालायचा, तेव्हा रेट ठरवणारा कारखानदार आणि आपण हातावर हात ठेवून बसणार. त्यामुळे कोणी थेट परदेशात पल्प विकणार असेल तर आमच्यासारख्यांना आनंदच आहे, चार रुपये वाढून मिळतील.

पण दोन गोष्टी मेव्हण्याला नक्की सांगा. पहिली, स्पर्धा कोणाशी आहे ते. युरोपात आंब्याची जी पेयं मोठ्या प्रमाणात बनतात त्यात जातो तोतापुरी, चित्तूर आणि कृष्णगिरीकडचा, हापूसपेक्षा कितीतरी स्वस्त. हापूस पल्प त्याच्या भावात द्यायला गेलात तर बुडालात. नावावर विका, रत्नागिरी-देवगड हापूसला २०१८ ला जीआय (भौगोलिक मानांकन) मिळालाय, त्याचा रीतसर वापर करा.

दुसरी गोष्ट फवारणी. तुडतुडे आणि फुलकिडे आले की आमच्याकडे हातात येईल ते औषध मारणारे आहेत. युरोपात क्लोरपायरीफॉस या कीटकनाशकाच्या फळात उरलेल्या अंशाची मर्यादा २०२० च्या शेवटापासून किलोला ०.०१ मिलिग्रॅम झाली आहे, म्हणजे जवळजवळ शून्य. कॅनिंगला पन्नास बागांचा आंबा एकत्र पडतो, त्यात एकानं जरी ते मारलं असेल तर सगळा लॉट अडकतो. तेव्हा मोजक्या बागा आधीच बांधून घ्या, मोहोरापासूनचं फवारणीचं रजिस्टर मागा आणि प्रत्येक लॉटचा लॅब रिपोर्ट हातात आल्याशिवाय कंटेनर भरू नका. २०१४ ला युरोपनं फळमाशीवरून ताजा हापूस बंद केला होता, पुढच्या वर्षी उघडला, पण तेवढ्या एका सीझनमध्ये लोकांचं काय झालं ते आम्ही बघितलंय.

वैदर्भीय_आइंडहोवन

जरा विषयांतर, पण संत्र्याचं निघालंच आहे तर, आमच्या नागपुरी संत्र्याला या भावात संधी नाही का?

ब्रिक्सवाला

ताजी खायला नागपुरीला तोड नाही, पण रस काढून ठेवला की थोड्या वेळात कडवट होतो, त्यातल्या लिमोनिन नावाच्या घटकामुळे. ज्यूस इंडस्ट्री चालते ती व्हॅलेन्सिया, पेरा अशा जातींवर. कडवटपणा काढायचं तंत्र आहे, पण यंत्राचा खर्च येतो. आणि ग्रीनिंग विदर्भातल्या बागांनाही आहेच, तेव्हा आधी रोपवाटिकेतून निरोगी कलमं मिळणं जास्त महत्त्वाचं.

आम्स्टेलवेनकर

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं नीट कोणी सांगितलं नव्हतं. मेव्हण्याला हा धागा वाचायला पाठवला, त्याचा लगेच फोन. तयार ज्यूस रद्द, डब्यातला पल्प करायचा असं ठरतंय. दोन शंका राहिल्यात: कोकमाचं काय? आणि सुरुवातीला किती माल आणावा, अख्खा कंटेनर तर झेपणार नाही.

ब्रिक्सवाला

कोकम आत्ता घाईनं आणू नका. १५ मे १९९७ च्या आधी जो पदार्थ युरोपात फारसा खाल्ला जात नव्हता त्याला नॉव्हेल फूडचा नियम लागतो, कोकम त्यात कुठे बसतं ते आधी डच अन्न खात्याकडे विचारून घ्या, नाहीतर माल बंदरात पडून भाडं चढत राहील.

पल्पचं म्हणाल तर एलसीएलनं आणा, म्हणजे दुसऱ्यांच्या मालाबरोबर अर्धवट कंटेनर. किलोमागे भाडं जास्त पडेल पण पैसा अडकणार नाही. तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे २०२३ च्या डिसेंबरपासून जहाजं आफ्रिकेला वळसा घालायला लागली आणि आठ-पंधरा दिवस जास्त जायला लागले, तेव्हा बुक करताना जहाज सुएझनं येणार की वळशानं ते विचारा आणि त्या हिशेबानं तारीख धरा. डब्यावर डच भाषेतलं लेबल लागतं, ते तिकडूनच छापून लावून घ्या, इथे मजुरी लावून स्टिकर चिकटवत बसलात तर नफा त्यातच जाईल.

देवगडचा_बागायतदार

आणि डब्यावर साखर किती टक्के घातली ते स्पष्ट लिहायला सांगा. बिनसाखरेचा डबा वेगळा काढता आला तर उत्तमच, आम्हीसुद्धा घरच्यासाठी तोच भरून घेतो.